खिसे

केतकीनं सिनेमा काढला, अकरा मिनिटांचा.
गोष्ट नाही म्हणाली, काकू, गाणं नाही, मरत कुणी नाही.
मग बघायचं काय?
तर म्हणे, तुम्ही जगता तेच.
म्हटलं, ते तर फुकट दिसतं, खिडकी उघडी असली की.

चार रविवार तिचा कॅमेरा आमच्या घरात उभा होता
तीन पायांवर, न बोलणाऱ्या पाहुण्यासारखा.
पहिल्या रविवारी मी नवी साडी नेसले.
दुसऱ्या रविवारी पावडर तेवढी लावली.
तिसऱ्या रविवारी त्याच्या पायावर
ओला पंचा वाळत घातला.

काल दाखवला. गंगापूर रोडला,
कुठल्याशा क्लासच्या वरच्या मजल्यावर.
चाळीस खुर्च्या, सव्वीस माणसं,
पडदा म्हणजे चादरच, इस्त्री न केलेली.
आवाज तिनं सगळाच काढून टाकलेला.

आधी आमचा नळ.
थेंब पडायच्या आधी किती वेळ लोंबतो
हे मला इतक्या वर्षांत ठाऊक नव्हतं.
मग फडताळातले काचेचे पेले. नुसते पेले.
लोक चुळबुळले.
आणि तिकडे देवळालीला तोफ झाली असणार,
कारण सहाच्या सहा पेले एकमेकांना हळूच लागले,
एकानं दुसऱ्याला उठवावं तसे,
ऐकलंस का?
मी तिथेच खाली बसून लसूण सोलत होते.
माझी सुरी थांबलीसुद्धा नाही.

मग ह्यांचा हात.
निवृत्तीराव, नोटांच्या प्रेसमधून निवृत्त,
ही कोटी निरोपसमारंभात तिघांनी केली होती,
सोफ्यावर बातम्या बघतायत
आणि अंगठा चालू.
तर्जनीवर घासून पुढे, घासून पुढे,
शंभर झाले की करंगळी एकदा मुडपते.
बातम्या संपतात. जाहिरात. पुन्हा शंभर.
झोपेतही, गोधडीच्या काठावर.
मागे कुणीतरी हसलं.
ह्यांनी अंधारात हात मांडीखाली घातला.

शेवटी दार.
आमचंच, जेल रोडचं, आतून दिसतं तसं.
तीनदा, चारदा, वेगळ्या दिवशी, वेगळा शर्ट,
हे दारापाशी येतात, थांबतात
आणि दोन्ही हात अंगापासून वीतभर लांब धरतात.
चौतीस वर्षं गेटवर धरले तसे,
रोज, सुटी झाल्यावर, घरी यायला निघताना,
एक नोट नाही, नोटेचा कपटा नाही, हे दाखवत.
हे मला माहीत होतं.
सवय आहे, जाईल, म्हणत होते.

माहीत नव्हतं ते पुढचं.
स्वयंपाकघरातून एक बाई येते
पदराला हात पुसत.
चष्मा घेतला? पाकीट? किल्ली? गोळी?
ओठांवरून कळतं.
आणि तिचे हात
छातीच्या खिशावरून, कमरेवरून, मागच्या खिशावरून,
सराईत, खाली, पुन्हा वर,
तोंडाकडे न बघता.
मग ती मान हलवते.
मग हे जातात.

मी ह्याला काळजी म्हणत आले.
दुसरा शब्द आहे त्याला, तो प्रेसच्या गेटवरचा,
घरात कुणी वापरत नाही.

दिवे लागले. टाळ्या. कुणी चहाचं विचारलं.
केतकी धावत आली, काकू, आवडला?
म्हटलं, साडी चांगली दिसली.

जिन्याच्या तोंडाशी गर्दी अडली.
हे पुढे होते. थांबले.
हात जरासे सुटले अंगापासून.
माझे हात पर्समध्ये होते, खोल,
रिक्षाचे सुटे शोधत,
आणि मी ते बाहेर काढले नाहीत.
किती वेळ, ते केतकीला विचारा,
तिच्याकडे असल्या गोष्टींचं घड्याळ असतं.
मागचे सव्वीसजण ताटकळले.
हे मान वळवून माझ्याकडे बघत राहिले,
जाऊ का, असं.